रिळाला दाखवलेलं ऊन

जुन्या फिल्मची हेळसांड दिसली की माझं तोंड सुटतं. एका निर्मात्याच्या मुलाने रिळाच्या डब्यात खिळे भरले होते, तर मी त्याला त्याच्याच घरात झापलं. तेव्हापासून अंधेरीच्या आमच्या फिल्म संग्रहालयातून मला कुणाकडे एकटीला पाठवत नाहीत. मुलुंडला आईच्या जुन्या शेजारीण नलिनीकाकूंकडे मात्र मी एकटीच गेले.

गिरणी संपाच्या काळात त्यांच्या गावच्या मंडळींनी एक मालवणी सिनेमा केला होता. काकूंचे यजमान गुणाजी त्यात पोस्टमन झाले होते. सिनेमा एकदाच दाखवला गेला आणि तेव्हा काकू बाळंतपणाला माहेरी होत्या. पुढे गुणाजींच्या हाती शेवटचं रीळ तेवढं लागलं. ते जाऊनही आता वीस वर्षं झाली.

"हे घाटीचे पायरे चढतत आणि वरसून वळान हसतत म्हणे," काकू म्हणाल्या. "माका तेवढाच बघूचा हा."

डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबट वास आला. फिल्म आखडून वेडीवाकडी झाली होती. हे कुणी केलं, असं मी विचारणार, तेवढ्यात काकू अभिमानाने म्हणाल्या, "दरवर्षी मे म्हयन्यात गच्चीर ऊन दाखयलंय. आमसुलांच्या बाजूक. एकदाव चुकवूक नाय."

मी डब्याचं झाकण परत लावलं. फिल्मला थंडावा लागतो, आणि चाळीस वर्षांच्या उन्हानेच तिची वाट लागली होती. जे टिकवायचं ते काकू उन्हात घालत आल्या होत्या.

तीन महिने मान मोडून अकरा चित्रं वाचवता आली, पडद्यावर अर्धा सेकंदसुद्धा नाही. ती सावकाश करून मी काकूंना लॅपटॉपवर दाखवली. गुणाजींची पाठ, खांद्याला टपालाची पिशवी, पायरीवरून उचललेला पाय. तो पाय खाली टेकतच नाही.

काकूंनी चष्मा पुसून पाच-सहा वेळा बघितलं.

"चाल त्येंचीच. आता वळतले मा?"

"पुढचं नाही मिळालं, काकू."

त्यांनी चष्मा काढून ठेवला. मग हळूच म्हणाल्या, "माझाच चुकला. औंदा गुडघे धरले, एकच दिवस वर नेलंय. ऊन कमी पडला."

आयुष्यात पहिल्यांदा मला कुणावर ओरडायचं नव्हतं.

"नाही काकू," मी म्हटलं, "ऊन भरपूर होतं."