एकोणीसशे एकोणपन्नासची शेवटची चिठ्ठी

चिठ्ठीच्या उजव्या कडेपासून अकरा मिलिमीटर आत एक तपकिरी रेघ होती. ओहोटीनंतर वाळूवर राहते तशी नागमोडी. रेघेच्या आतला कागद फिका होता, बाहेरचा गडद. इरावती कोचरेकरने पट्टी खाली ठेवली, चष्मा पदराला पुसला आणि पुन्हा मोजलं. अकराच.

जुना कागद असा पिवळा पडत नाही. तो कडेकडून आत, सावकाश आणि बिनबोभाट पडतो. रेघ उमटते ती कागद भिजून वाळला तर. इरावतीची चौतीस वर्षं कापड तपासण्याच्या प्रयोगशाळेत गेली होती. कुठला रंग धुण्यात किती विटतो, उन्हात किती उडतो, हे बघून त्याला एक ते पाच गुण द्यायचे, हे तिचं काम. डागाच्या बाबतीत आपल्याला कोणी फसवू शकत नाही, असं तिचं स्वतःबद्दल मत होतं. ही चिठ्ठी चौदा महिने तिच्या खोक्यात होती आणि आज सकाळी ऑस्ट्रेलियातल्या होबार्टच्या ग्रंथालयाचं पत्र आलं म्हणून तिने ती पहिल्यांदा नीट बघितली होती. मताचं काय करायचं ते नंतर बघू, असं तिने ठरवलं.

या सगळ्याचं मूळ एका लाकडी पेटीत होतं. इरावतीचे वडील माझगावच्या गोदीत कारकून होते. सिडनीहून आलेली एक फुटकी पेटी कोणी सोडवायला आलं नाही, तेव्हा त्यांनी ती फळ्यांसाठी घरी आणली. फळ्यांची मांडणी झाली. आत तेवीस इंग्रजी पुस्तकं निघाली, ती त्याच मांडणीवर ठेवली गेली. पुस्तकं सगळी ऑस्ट्रेलियातली आणि सगळी एकोणीसशे एकोणपन्नास सालची. त्यात युद्धावरून परतलेले सैनिक होते, दुष्काळ होता, मेंढ्या तर इतक्या होत्या की चाळीत कोणी रात्री झोप येत नाही म्हटलं की वडील त्यातलं एखादं पुस्तक वाचायला देत.

निवृत्त झाल्यावर इरावतीने ठरवलं की या एका वर्षाच्या साहित्यावर मराठीत पुस्तक लिहायचं. एकच देश, एकच वर्ष. नमुना छोटा, पण पूर्ण. त्या वर्षी तिथे काय छापलं गेलं, कोणत्या कवीला बक्षीस मिळालं, कोण जन्मलं, कोण गेलं, सगळं. आणि प्रयोगशाळेचा नियम असा की नमुना पूर्ण हाती आल्याशिवाय निष्कर्ष लिहायचा नाही. सात वर्षांत तिच्याकडे एक हजार तीनशे सोळा कार्डं जमली होती. एका कादंबरीकाराच्या कुत्र्याचं नाव तिला माहीत होतं. एकोणपन्नास सालच्या मार्चमध्ये मेलबर्नला छपाईचा कागद का मिळेना, हे ती झोपेतही सांगू शकली असती. पुस्तकाचं मात्र एक पान लिहून झालं नव्हतं. शीर्षकाचं पान धरलं तर एक.

हे काम ती दर शनिवारी गिरगावातल्या एका जुन्या वाचनालयात बसून करी. तिथले ग्रंथपाल हेरंब सावंत विधुर होते, सत्तरीचे, वाचनालयामागच्या खोलीत राहायचे आणि मधुमेहामुळे बिनसाखरेचा कोरा चहा प्यायचे. सहा वर्षांपूर्वी एका शनिवारी, तारखेचा शिक्का झटकता झटकता, ते म्हणाले होते, "इरावतीबाई, एक विचारू? आपण दोघांनी लग्न केलं तर?"

इरावतीच्या हातात तेव्हा एका बालकवितासंग्रहाचं कार्ड होतं. तिने ते आधी जागेवर लावलं. मग म्हणाली, "एकोणपन्नास साल संपलं की सांगते."

हे उत्तर तिला त्या वेळी अतिशय मुद्देसूद वाटलं होतं.

सावंतांनी मान हलवली आणि शिक्का मारला. पुन्हा त्यांनी विषय काढला नाही. उलट ते मदतीला लागले. आठवडाभर कुठून कुठून जुन्या याद्या चाळायचे आणि शनिवारी एखादी चिठ्ठी पुढे सरकवायचे: "हे बघा, अजून एक सापडलं." साल संपत आलं असं वाटलं की आणखी एक सापडे. इरावतीला वाटे, किती निष्ठावान माणूस आहे.

वाचनालयाच्या जिन्याखाली तुळसा मासे घेऊन बसे. जिना चढणाऱ्या प्रत्येकाची खबर तिच्याकडे असे, आणि सावंतांनी काय विचारलं होतं तेही तिला माहीत होतं. कसं, ते इरावतीने कधी विचारलं नाही.

"काय बाई, संपलं का तुमचं वर्स?" ती दर शनिवारी ओरडे.

"थोडं राहिलंय गं."

"एका वर्साला सात वर्सं! माझा म्हावरा असता तर दर्यात परत गेला असता पोहत."

आता मात्र थोडंही राहायला वेळ नव्हता. वाचनालयाची इमारत पुनर्विकासाला निघाली होती. महिनाअखेर जागा रिकामी करायची होती आणि सावंत वेंगुर्ल्याला गावच्या घरी जाणार होते. रविवारचं तिकीट होतं. आज शनिवार होता. आणि एकोणपन्नास सालातलं फक्त एक पुस्तक बाकी होतं, ते म्हणजे या चिठ्ठीतलं: टास्मानियाजवळच्या एका बेटावरच्या मेंढपाळाच्या कविता, छपाई त्याच बेटावर, प्रती शंभर. सावंतांना ती चिठ्ठी म्हणे एका जुन्या यादीत दुमडलेली सापडली होती. चौदा महिने इरावती त्या मेंढपाळाच्या मागे होती. तिने नऊ ग्रंथालयांना पत्रं लिहिली होती.

टास्मानियाच्याच राजधानीतून, होबार्टहून, आलेलं उत्तर नम्र होतं. या नावाचा कवी नाही, या नावाचा छापखाना नाही, आणि त्या बेटावर मेंढ्या कधीच नव्हत्या. तिथे एक दीपगृह आहे आणि पेंग्विन आहेत. पेंग्विननी काही छापल्याचं आमच्या नोंदीत नाही.

इरावतीने रक्त वाढायच्या गोळ्यांचं पाकीट काढलं. एक लोहाची गोळी खलात कुटली, चमचाभर पाण्यात कालवली, कापसातून गाळली. दात कोरायच्या काडीने एक थेंब चिठ्ठीच्या तपकिरी कोपऱ्यावर ठेवला. आणि शिस्त म्हणून दुसरा थेंब वडिलांच्या पेटीतल्या एका अस्सल जुन्या पानाच्या कडेवर. घड्याळ लावून ती बसून राहिली. पाच मिनिटांनी अस्सल पान होतं तसंच होतं. चिठ्ठीवरचा थेंब मात्र शाईसारखा काळानिळा झाला होता.

चहा. लोहाने असा काळा पडतो तो चहा. साखरेचा असता तर घरातल्या मुंग्यांनी चौदा महिन्यांत चिठ्ठी शिल्लक ठेवली नसती. म्हणजे कोरा, बिनसाखरेचा.

संशयितांची यादी करायला कार्ड लागलं नाही.

दादरच्या शिवाजी पार्कहून गिरगावपर्यंत बसमध्ये इरावतीने रागवायचा प्रामाणिक प्रयत्न केला. फसवणूक, चौदा महिने, नऊ पत्रं, टपालाला लागलेल्या रांगा. राग पेडर रोडपर्यंतसुद्धा टिकला नाही. त्याऐवजी तिला दिसत राहिलं की एक सत्तर वर्षांचा माणूस रात्रीच्या चहात कागद बुडवतोय आणि पंख्याखाली वाळवतोय, आणि वाळवताना आडवा धरला म्हणून चहा एका कडेला उतरून रेघ उमटलीय हे त्याला कळतही नाहीये. कामात अगदीच कच्चा. पाचात फार तर दोन गुण.

"काय बाई, आज तरी?" जिन्याखालून तुळसा.

"बघते."

"बघते काय! सकाळपासून पेट्या बांधतायत ते. मी त्यांना बांगडे देऊ केले, तर म्हणाले, आता कोणासाठी तळू. माणूस बांगडे नको म्हणाला बाई! काय समजायचं ते समजा."

वर कपाटं रिकामी होती. सावंत जमिनीवर बसून पुस्तकांचे गठ्ठे सुतळीने बांधत होते. तिला बघून उठायला गेले आणि गुडघ्याने त्यांना अर्ध्यावरच थांबवलं.

"बसा बसा," इरावती म्हणाली. ती समोरच्या गठ्ठ्यावर बसली आणि पर्समधून चिठ्ठी काढून त्यांच्यापुढे ठेवली. काळा थेंब वर.

सावंतांनी बघितलं. थेंबावरून बोट फिरवून पाहिलं.

"हे काय?"

"चहा."

"चहा असा काळा?"

"लोह टाकलं की होतो. शाळेत शिकवतात."

"मी कला शाखेचा हो," सावंत म्हणाले. आणि मग अगदी खाली बघत, "होबार्टहून आलं वाटतं पत्र."

"आलं. त्या बेटावर पेंग्विन राहतात, सावंत. मेंढपाळ तरी कशाला काढलात? मासेमार काढायचा, निदान शोभलं असतं."

"तुमच्या सगळ्या कार्डांवर मेंढ्याच असायच्या. मला वाटलं, मेंढ्या असल्या की खरं वाटेल."

"आधीच्या चिठ्ठ्या?"

"त्या खऱ्या. आईशपथ खऱ्या. ही एकच." सुतळीचं टोक ते बोटाभोवती गुंडाळत होते, सोडत होते. "गेल्या वर्षी तुम्ही म्हणालात ना, आता एकही राहिलं नाही म्हणून. मी त्या रात्री सगळ्या याद्या परत बघितल्या. खरंच एकही नव्हतं. मग म्हटलं, साल संपलं की तुम्ही उत्तर देणार. आणि नाही म्हणालात, तर शनिवारीसुद्धा येणार नाही. त्यापेक्षा राहू दे चालू. एका मेंढपाळाने कोणाचं काय बिघडतं."

गेल्या वर्षीचा तो शनिवार इरावतीला नीट आठवत होता. सगळी कार्डं लागली होती आणि आता उत्तर द्यावं लागेल या धास्तीने ती लवकर घरी निघून गेली होती. पुढच्या शनिवारी सावंतांनी ही चिठ्ठी सरकवली तेव्हा तिला इतकं हायसं वाटलं होतं की तिने कागदाकडे बघितलंच नव्हतं. चौतीस वर्षं डाग तपासणाऱ्या बाईने. आता तिच्या लक्षात आलं की खोटं कार्ड बनवायला एक माणूस लागतो आणि ते चौदा महिने न तपासायला दुसरा. होबार्टला पहिल्याच आठवड्यात पत्र लिहिता आलं असतं. तिने सुरुवात केली होती ती लंडनपासून.

"मी पण काही कमी नाही," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"काही नाही. निष्कर्ष आपला असाच."

खाली तुळसा कोणाशी तरी पापलेटच्या भावावरून भांडत होती. सावंतांनी चिठ्ठी उचलली, दोन्ही बाजूंनी बघितली आणि विचारलं, "ही फाडू का?"

"नको. तेराशे सतरावं कार्ड आहे ते. जागेवर राहू दे."

"पण खोटं आहे ना?"

"तसं खाली लिहू."

सावंतांनी चिठ्ठीच्या खाली पेन्सिलीने 'खोटं' असं लिहिलं, ती शर्टाच्या खिशात ठेवली, पेन्सिल कानावर ठेवली, आणि पुन्हा सुतळी हातात घेतली. गठ्ठा बांधायचा सोडून ते नुसती सुतळी धरून बसले. उद्याचं तिकीट टेबलावर पेपरवेटखाली होतं. इरावतीला एवढ्या अंतरावरूनही त्याच्यावरची तारीख वाचता येत होती.

"मग संपलं म्हणायचं का साल?" सावंतांनी विचारलं. आवाज त्यांनी जमेल तितका साधा ठेवला होता.

"संपलं."

जिन्यातून तुळसाची हाक आली, "बाई, बांगडे ठेवू का विकू?"

इरावती उठली. साडीला लागलेली धूळ तिने झटकली, आणि तुळसालाही ऐकू जाईल इतक्या आवाजात, सहा वर्षं तोंडात धरून ठेवलेलं एकदाचं बोलली, "ठेव गं. सावंत, आपण लग्न करू या. ते तिकीट रद्द करा आणि दादरला या राहायला."