अस्वलांच्या वाटेवरची हाळी

राघूमैनेच्या थव्याऽ, एक कणीस तुझं न्यावं
बाकी माझ्या बापाचं, त्याच्या खळ्याला येऊ द्यावं

विलासनं हा आवाज पहिल्यांदा ऐकला तो अठ्ठ्याहत्तर सालच्या पौषात, माणदेशातल्या एका ओढ्याच्या काठी. मुलगी बघायला निघालेली मंडळी. एसटी कधी नव्हे ती वेळेआधी पोचली, त्यामुळे दुपारचे पाहुणे सकाळीच गावच्या वाटेला लागले. आई आणि मामा पुढे चालत होते. विलास ओढ्यावर तोंड धुवायला मागे राहिला.

पलीकडच्या काठाला शाळू उभा होता, पुरुषभर उंच, आणि त्यात चार मेढींवर माळा. माळ्यावरचं माणूस कणसांआड होतं. दिसत होती ती नुसती गरगर फिरणारी गोफण. आधी गाणं यायचं, मग एक लांबलचक हाळी, ‘हाऽऽऽ हो!’ आणि पदर झटकावा तसा पाखरांचा थवा उठायचा. विलासच्या ओंजळीतलं पाणी गळून गेलं तरी ओंजळ तशीच राहिली.

तासाभरानं चहा द्यायला वाकलेल्या मुलीच्या पुढे लोंबणाऱ्या वेणीच्या केसांत शाळूचं एक वाळकं पातं अडकलं होतं. मागच्या दारानं धावत आली असणार. “साखर पुरेशी आहे ना?” एवढंच ती बोलली. आवाज तोच. विलासनं खाली घातलेली मान वर केलीच नाही. बघण्यासारखं काही उरलंच नव्हतं, त्याचं ठरून गेलं होतं.

ही गोष्ट त्यानं कुणाला सांगितली नाही. जिच्याशी लग्न केलं त्या सुनेत्रालाही नाही. एकतीस वर्षं झाली.

सुनेत्राचा समज वेगळाच होता. चारचौघांत विषय निघाला की ती हसत सांगायची, “सासूबाईंना माझं शिवण आवडलं, म्हणून मी या घरात आले. ह्यांनी तर मान वर करून बघितलंसुद्धा नाही. अहो, माणूस नारळ घेतानासुद्धा निदान वाजवून बघतं!” लोक हसायचे, विलासही हसायचा. मनात म्हणायचा, वाजवूनच घेतलाय बाई. पण ओठांवर यायचं नाही.

न येण्याला कारण होतं. एक्याऐंशी साली दोघं कॅनडात आली, सरे नावाच्या शहरात एका बेसमेंटमध्ये राहिली. वर घरमालक म्हातारा-म्हातारी. एका रविवारी सुनेत्रा भाकरी थापता थापता गात होती, माळ्यावर गायची तशीच, भरल्या गळ्यानं. वरून जमिनीवर काठीचे दोन ठोके पडले. विलास नवखा, नोकरी नवी, जागा जाईल ही धास्ती. तो पटकन म्हणाला, “हळू, सुनेत्रा. वर ऐकू जातं. इथं असं चालत नाही.”

ती हळू झाली. मग आणखी हळू. मग एक दिवस गाणं थांबलंच. रुसवा नाही, बोल नाही, काही नाही. पुढे स्वतःचं घर झालं, ऊर्मी झाली. तिच्या पाळण्याशीसुद्धा सुनेत्रा मिटल्या ओठांनीच गुणगुणली. विलास दाराआड उभा राहून वाट बघायचा, आज तरी गळा उघडेल. ‘आता गा’ म्हणायला जीभ रेटत नव्हती. ज्या आवाजासाठी लग्न केलं त्याच आवाजावर आपण झाकण ठेवलं, हे कबूल केल्याशिवाय ओढ्याची गोष्ट सांगता कशी येणार? म्हणून एकीबरोबर दुसरीही पोटात राहिली.

दोन हजार नऊच्या उन्हाळ्यात विलास रिटायर झाला आणि वॉटर्लूला नोकरी करणाऱ्या ऊर्मीनं परस्पर बुकिंग करून टाकलं. उत्तरेच्या किनाऱ्यावर पाच दिवसांची टूर. अस्वलं, गरुड, हिमनदी, बरोबर वाटाड्या. “बाबा, जस्ट गो,” ती फोनवर म्हणाली. “नो एक्सक्यूजेस. अँड गिव्ह आई द विंडो सीट.”

विलासनं मनाशी गाठ मारली. या पाच दिवसांत सांगायचं. घरात भिंतींनासुद्धा आपली सवय झालीय. तिथं रान असेल, तिथं सांगता येईल.

पहिल्या दिवशी जमलं नाही. पाण्यावर उतरणाऱ्या छोट्या विमानानं त्यांना एका खाडीत आणून सोडलं. दोन्ही अंगांनी डोंगर थेट पाण्यातून वर निघालेले, कड्यांवरून पन्नास-पन्नास धबधबे सुटलेले, जणू कुणी डोंगराच्या खांद्यावर ओली धोतरं वाळत घातलीत. सुनेत्रा एकेक धबधबा बोटानं मोजत होती. अशा वेळी आपली जुनी गोष्ट काय काढायची?

दुसऱ्या दिवशी नदीच्या मुखाशी ग्रिझली अस्वलं बघितली. एवढं अवाढव्य जनावर, खांद्यावर मांसाचा उंचवटा, आणि पाण्यात पंजा मारतं ते मात्र गव्हातला खडा वेचावा इतकं नेमकं. सॅमन वर काढायचं, मधला गाभा खायचं, उरलेला मासा काठावर टाकून द्यायचं.

“श्रीमंताघरचं लेकरू,” सुनेत्रा डोळ्यांवरची दुर्बीण न काढता म्हणाली. “निम्मं ताटात टाकतंय बघा.”

त्यांची वाटाडी मार्नी हसली. चाळिशीची, उन्हावाऱ्यानं रापलेली, याच खाडीच्या तोंडाशी असलेल्या गावात वाढलेली बाई. पावलाचा ठसा बघून अस्वल सकाळी गेलं की आत्ता, हे सांगायची. ती म्हणाली, टाकलेलं वाया जात नाही. कोल्हे खातात, गरुड खातात, राहिलेलं झाडांच्या मुळांना मिळतं. ही झाडं एवढी उंच आहेत ती माशांवर.

“म्हणजे एक कणीस पाखराचं,” सुनेत्रा स्वतःशीच पुटपुटली.

कितीतरी वर्षांनी विलासनं ते शब्द पुन्हा ऐकले होते, गाण्याविना. आता सांगावं म्हणून त्यानं तोंड उघडलं, तेवढ्यात दुसरं अस्वल पाण्यात उतरलं आणि सगळे तिकडे वळले.

तिसऱ्या दिवशी हिमनदीपर्यंत पायी जायचं होतं. हे दोघं आणि आणखी चौघं. निघताना मार्नीनं एकच नियम सांगितला. “अस्वलाला दचकवायचं नाही. घर त्यांचं आहे. आपण येतोय हे त्यांना लांबूनच कळलं पाहिजे. बोला, टाळ्या वाजवा, गा. वळणावर तर नक्कीच.”

मग रांग चालू लागली आणि वळणावळणावर “हे बेअर! हे बेअर!” सुरू झालं. विलासनंही केलं.

“अहो, हे काय?” सुनेत्रा मागे वळून म्हणाली. “बँकेत शेजारच्याकडे पेन मागतात तसं. अस्वलाला वाटेल, फॉर्म भरायचाय.”

बर्फाच्या पाण्याचा एक ओढा आला. तांदूळ धुतल्यासारखं पांढुरकं पाणी. सकाळची वेळ, पाणी कमी, दगडांवर पाय देऊन सगळे पलीकडे गेले. पुढची वाट ओढ्याच्या कडेनंच होती, दोन्ही बाजूंना डोक्याएवढी दाट झुडपं. पाण्याच्या घोंगाटात मार्नीचं “हे बेअर” चार पावलांवर विरून जाऊ लागलं. ती थांबली. म्हणाली, “इथं मोठ्यानं लागेल. सगळ्यांनी.”

“मोठ्यानं म्हणजे किती?” सुनेत्रानं विचारलं.

“जेवढा आवाज आहे तेवढा.”

सुनेत्रानं एकदा विलासकडे पाहिलं. नुसतं सवयीनं. वर कुणी राहतं का, हे बघावं तसं. त्या एका नजरेनं विलासला जागच्या जागी गाडून टाकलं. तो मान हलवणार, काहीतरी म्हणणार, तोवर तिनं तोंडाशी हात नेले.

“हाऽऽऽ हो!”

पाण्याच्या वरून, झुडपांच्या वरून ती हाळी गेली, समोरच्या कड्याला लागली आणि परत आली. पुढचे चौघं थबकले. आणि साठ-सत्तर पावलांवर झुडपांतून एक ग्रिझली मागच्या पायांवर उभी राहिली. ओलं तपकिरी अंग, उन्हात चमकणारी केसांची टोकं. तिच्या मांडीशी दोन पिल्लं. तिनं नाक वर करून वारा हुंगला, आवाजाच्या दिशेनं शांतपणे बघितलं, मग चार पायांवर आली आणि पिल्लांना पुढे घालून चढाला लागली. घाई नाही, राग नाही. पाहुणे आलेत, जरा आत जाऊ, असं म्हणत घरची बाई उठते ना, तशी.

मग मार्नी हलकेच म्हणाली, “तिनं तुला ऐकलं. वाट दिली.” आणि सुनेत्राच्या दंडाला धरून तिला रांगेत पुढे आणलं. “आता तू माझ्यासोबत. थांबू नकोस.”

सुनेत्रानं घसा खाकरला. पहिल्या दोन ओळी जुन्याच आल्या, थोड्या गंजलेल्या. मग आपोआप नव्या जुळत गेल्या.

अगं पिल्लांच्या आईऽ, तुझं रान तुला राहू दे
पाहुणे आम्ही आलो, दोन घटका पाहू दे

विलास रांगेच्या शेवटी होता. झुडपांमुळे त्याला सुनेत्रा दिसत नव्हती. तेव्हाही दिसली नव्हती. वय गळ्यात उतरलं होतं, वरच्या पट्टीत आवाज जरा फाटत होता, पण खाली तोच भरलेपणा. त्याचे डोळे वाहत होते. मागे कुणी नव्हतं ते बरं होतं.

दुपारी हिमनदीपाशी पोचले. डोंगराच्या घळीतून उतरलेली बर्फाची प्रचंड जीभ, आणि भेगांतला रंग कसा, तर पांढऱ्या कपड्यांना घालायची नीळ पाण्यात पहिल्यांदा सुटते तसा. मार्नी म्हणाली, इथं गप्प राहा, आता तिला बोलू द्या. आणि खरंच बर्फ बोलत होता. आत कुठेतरी करकर, टपटप, मध्येच जुन्या लाकडी दारासारखा एक लांब सुस्कारा.

सुनेत्रानं हातमोजा काढून बर्फावर तळवा ठेवला. देवळात उंबऱ्याला लावतात तसा. मग अगदी खालच्या आवाजात म्हणाली, “तुम्हाला वाईट नाही ना वाटलं? मघाशी. लोक होते सगळे.”

विलासला वाटलं, हा बर्फ आपल्या छातीतच तडकतोय. सगळं एकदम वर आलं, आणि तोंडातून निघालं ते एवढंच, “नाही गं.”

“मग ठीक,” ती म्हणाली आणि मोजा चढवला. “झालं तेवढं पुरे. घसा बसला.”

परतीच्या वाटेवर ती गप्पच होती. मार्नी “हे बेअर” म्हणत राहिली. विलास मागून चालत स्वतःला शिव्या घालत होता. पुन्हा झाकण बसलं. आणि या वेळीही आपल्याच हातानं.

ओढ्याशी आले तर सकाळचे दगड गडप झालेले. दिवसभराच्या उन्हानं बर्फ वितळला होता, पाणी कमरेएवढं होऊन धावत होतं. जरा वरच्या अंगाला एक आडवा ओंडका होता. मार्नीनं दोर बांधला, ओंडक्याच्या मध्यावर पाय रोवून उभी राहिली आणि एकेकाला हात देऊन पार करू लागली. पहिली सुनेत्रा. मग ते चौघं. विलास शेवटचा.

“विलास, तू एकटा आहेस त्या काठावर,” मार्नी ओरडली. “दोर घट्ट करते, दोन मिनिटं. तोवर बोलत राहा. काहीही बोल, पण जोरात!”

मागे झुडपं, पुढे पाणी. विलासनं आवाज काढला. “हे बेअर.”

पलीकडून सुनेत्रानं हात हलवले. “अहो, मोठ्यानं! पेन नकोय आपल्याला!”

त्यानं तिच्याकडे बघितलं. मध्ये ओढा. पलीकडच्या काठावर ती, टोपी मागे सरकलेली, आणि उडालेल्या केसांत झुडपाचं एक पिवळं पान अडकलेलं.

“सुनेत्राऽऽ!”

हा आपला आवाज? तो स्वतःच दचकला.

“काऽय?”

“मी तुला बघितलं नव्हतं, हे खरंय!” तो ओरडला. “पण ऐकलं होतं! तुमच्या ओढ्यावर! तू माळ्यावर होतीस, राघूमैनेचं गात होतीस! मी तुमच्या घरी पोचायच्या आधीच हो म्हटलं होतं!”

कानामागे धरलेला तिचा हात खाली आला.

“शिवणाचं काही खरं नाही!” तो छातीतला सगळा वारा लावून सांगत होता, आणि कडा त्याचा शब्द न् शब्द परत देत होता. “मी आवाजासाठी आणलं तुला! आणि बेसमेंटमध्ये मीच म्हणालो, हळू! चुकलो मी, सुनेत्रा! अठ्ठावीस वर्षं रोज वाट बघतोय, तू गाशील म्हणून!”

सुनेत्रानं दोन्ही हात तोंडाशी नेले, आणि ओढ्यावरून भरल्या गळ्याची हाळी आली, “हाऽऽऽ हो!”