शेवटच्या राक्षसाला दोन रूपं असतात

बिऱ्हाडे हे काही त्यांचं खरं आडनाव नव्हे. पण अकरा वर्षांत सात बदल्या झालेल्या माणसाला लोक दुसरं काय म्हणणार? विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर म्हणतात, पण विंचवाला निदान शेगडी आणि मुलीची सायकल न्यावी लागत नाही. बससेवेत जिथे कुणाला जायचं नसे तिथे बिऱ्हाडेंना धाडत, आणि ते मुकाट्याने जात. त्यांच्या घरात सुतळीचा एक गुंडा होता, लग्नाइतकाच जुना. खोकी उघडताना सुतळी कापायची नाही, गाठ सोडवायची, असा घरचा कायदा होता. कारण पुढच्या बदलीला तीच सुतळी लागे.

सातव्या बदलीच्या घरात भांडी लावून झाल्यावर बायकोने हात पुसत शांतपणे सांगितलं, "अहो, हे शेवटचं. पुढची बदली आली तर तुम्ही एकटे जा. मी आता बांधाबांध करणार नाही." ती कधी आवाज चढवत नसे, म्हणून बिऱ्हाडेंनी ते वाक्य खरंच धरलं.

ही सातवी बदली होती हरवले-सापडले कार्यालयात. प्रवासी बसमध्ये जे विसरतात ते सगळं इथे येऊन पडतं. आगाराच्या मागच्या अंगाला तीन खोल्या: पुढे खिडकी, मध्ये टेबलं, मागे गोदाम. आधीचे प्रभारी अण्णा त्याच दिवशी निवृत्त होत होते. निरोपाचा चहा संपवून ते टेबलापलीकडून म्हणाले, "डाव्या खणात सगळं लिहून ठेवलंय. तसंच करत जा, कुठे अडणार नाही." आणि छत्री विसरून निघून गेले.

बिऱ्हाडेंनी खुर्चीत बसून आपल्या डाव्या हाताचा खण उघडला. अण्णा समोर उभे होते, त्यांचा डावा हात म्हणजे बिऱ्हाडेंचा उजवा, हे त्यांच्या ध्यानात आलं नाही. कार्यालयाची फाइल उजव्या खणात होती आणि अजूनही तिथेच आहे. डाव्या खणात निघाली एक निळी वही. एक जुना जपानी व्हिडिओ गेम आहे, त्यात चार वीर गावोगाव हिंडतात, गुहांमध्ये शिरतात, राक्षस मारतात आणि शेवटच्या किल्ल्यापर्यंत पोचतात. तो गेम पार कसा करायचा याच्या युक्त्या अण्णांनी नोकरीतल्या रिकाम्या दुपारी या वहीत उतरवल्या होत्या. वहीवर गेमचं नाव घालायची त्यांना कधी गरज वाटली नव्हती.

पहिल्या पानावर लिहिलं होतं, "राजाला भेटल्याशिवाय गावाबाहेर पडू नका." वीस वर्षं नोकरी केलेल्या माणसाला यात खटकण्यासारखं काय होतं? राजा म्हणजे आगारप्रमुख. गुहा म्हणजे गोदाम. राक्षस म्हणजे कोण, हे तर कुठल्याच नोकरदाराला फोडून सांगावं लागत नाही. अण्णा हुशार माणूस, वही भलत्याच्या हाती पडू नये म्हणून सांकेतिक भाषेत लिहून गेले, असं म्हणत बिऱ्हाडेंनी वहीला खाकी कव्हर घातलं.

दुसऱ्या पानावर होतं, "चौघांची टोळी करा. दणकट पुढे, औषधवाली सगळ्यांत मागे. क्रम मोडू नका." कार्यालयात माणसं चारच होती. दारावरचा पैलवान पुढे झाला, त्याच्यामागे बिऱ्हाडे, त्यांच्यामागे रबर नावाचा कारकून, जो लिहिलेलं निम्मं खोडत असे, आणि शेवटी गोदामाच्या किल्ल्या सांभाळणाऱ्या मावशी, पिशवीत पाण्याची बाटली आणि डोकेदुखीचा बाम घेऊन. हे चौघे आगारात कुठेही जायचं तर एकामागे एक असे रांगेने जात आणि वळायचं झालं तर काटकोनात वळत. पहिल्या आठवड्यात चालकांनी हसून घेतलं. दुसऱ्या आठवड्यात ते रांगेला वाट देऊ लागले.

"गावात भेटेल त्या प्रत्येकाशी दोनदा बोला. पहिल्यांदा कुणी कामाचं सांगत नाही." मग बिऱ्हाडे प्रत्येक वाहकाला विचारत, काळी बॅग कुणाची ते आठवतं का? तो नाही म्हणे. बिऱ्हाडे जागचे न हलता तोच प्रश्न त्याच सुरात पुन्हा विचारत, आणि वाहक डोकं खाजवत सांगे की पिठाच्या गिरणीपाशी उतरणाऱ्या त्या मास्तरांची असेल. ज्या वस्तू वर्षभर धूळ खात पडायच्या त्या आठवड्याभरात घरी जाऊ लागल्या.

चिडलेला प्रवासी खिडकीवर आला की वहीचं सहावं पान लागू होई: एक वार त्याचा, मग एकेक आपला, मधे घुसायचं नाही. तो ओरडून घेई. चौघे निश्चल. मग पैलवान एक वाक्य बोले, बिऱ्हाडे एक, रबर एक, आणि मावशी पाणी देत. मग पुन्हा प्रवाशाची पाळी. चौथ्या फेरीला पाळीची वाट बघता बघता माणसाला आपण का चिडलो तेच आठवेनासं होई.

सगळ्यांत भारी युक्ती होती नोंदीची. "मोठ्या दारासमोर थांबून नोंद करा. आत बिनसलं तर बाहेर या आणि तिथूनच पुन्हा सुरू करा." आगारप्रमुखांच्या केबिनबाहेर बिऱ्हाडे खिशातल्या डायरीत लिहीत, "सव्वाअकरा. चौघे ठीक." आत जाऊन नवीन कपाट मागत. प्रमुख झाडत. बिऱ्हाडे बाहेर येत, नोंद वाचत, आणि काहीच घडलं नाही अशा चेहऱ्याने पुन्हा आत जाऊन नमस्कार करत. तिसऱ्या फेरीला प्रमुखांनी कपाटाच्या अर्जावर सही केली आणि दोन दिवसांची रजा टाकली.

एका युक्तीने मात्र बिऱ्हाडेंना घोर लावला होता. "पहिल्याच गावात एक बिनकामाची वस्तू मिळेल. टाकू नका. शेवटच्या किल्ल्यात ती लागते." गोदामातली सगळ्यांत बिनकामाची वस्तू कोणती, असं त्यांनी मावशींना दोनदा विचारलं. मावशींनी एक डबा काढला. आत वरच्या दातांची कवळी होती, नऊ वर्षांपूर्वी आलेली. नियमाप्रमाणे वर्षभरात कुणी न नेलेली वस्तू मोडीत काढायची, आणि हा नियम खुद्द मुख्यालयातल्या मोठ्या साहेबांच्या सहीचा होता. पण मावशींनी कवळी आठ वेळा लपवली होती. कुणाच्या तरी तोंडातली आहे, मोडीत कशी काढायची, असं त्यांचं म्हणणं. दर सोमवारी त्या ती धूतसुद्धा असत. बिऱ्हाडेंनी वहीकडे बघितलं, कवळीकडे बघितलं, आणि तिची नोंद रजिस्टरात ठळक अक्षरांत नव्याने करायला लावली.

सात महिने असे सुखात गेले. मग पत्र आलं. मोठे साहेब गुरुवारी तपासणीला येणार होते आणि हे कार्यालय ठेवायचं की बंद करायचं ते ठरवणार होते. बंद झालं तर बिऱ्हाडेंची बदली थेट शेवटच्या टोकाच्या आगारात. बिऱ्हाडेंनी पत्र घरी दाखवलं नाही, पण बायकोला त्यांचा डबा न संपल्याचं दिसलं आणि तिने तो घासायला टाकला. बरी आहेस ना, असं त्यांनी विचारलं. ती हो म्हणाली.

वहीचं शेवटचं पान बिऱ्हाडेंनी उघडलं. मथळा होता, "शेवटचा राक्षस." खाली एकच ओळ: "याला दोन रूपं असतात." पुढे कोरं. ते बुधवारी दुपारी तसेच अण्णांच्या घरी गेले.

अण्णा टीव्हीसमोर बसून हातातली बटणं दाबत होते. पडद्यावर ठिपक्यांएवढे चार वीर रांगेने चालत होते, पुढे दणकट, मागे औषधवाली, आणि काटकोनात वळत होते. बिऱ्हाडे बराच वेळ बघत राहिले.

"अण्णा, हे काय आहे?"

"गेम आहे हो. नोकरीत असताना याच्या युक्त्यांची वही केली होती, ती हरवली. सात महिने शोधतोय."

हरवले-सापडले कार्यालयात विचारलंत का, असं बिऱ्हाडेंनी विचारलं. अण्णा चमकले. तीस वर्षं त्या खुर्चीवर बसलेल्या माणसाला हे सुचलंच नव्हतं. बिऱ्हाडेंनी वही पुढे धरली आणि आपण काय काय केलं ते सगळं सांगून टाकलं, अगदी रांगेसकट. सांगताना धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं त्यांना वाटत होतं. अण्णा हसले नाहीत. गोदामात चालते ना युक्ती, मग गेमची काय आणि नोकरीची काय, असं ते म्हणाले. शेवटच्या राक्षसाचं मात्र त्यांनाही ठाऊक नव्हतं. "तो पडतो, संगीत थांबतं, आपण उठतो चहा टाकायला. आणि तो परत येतो, दुसरं रूप घेऊन. मी दर वेळी तिथेच मेलोय. तुम्ही उठू नका, एवढंच सांगतो. वही परवा आणून द्या."

गुरुवारी मोठे साहेब आले ते दोन अधिकारी आणि तीन फाइली घेऊन. बिऱ्हाडेंना आता सगळं कळलेलं होतं, तरी दाराबाहेर त्यांनी नोंद केली. सवय जात नाही. साहेबांनी रजिस्टर चाळलं, खुर्च्या मोजल्या, वस्तू परत केल्याचे आकडे वाचून भुवई उचलली आणि खाली ठेवली. मग एका पानावर त्यांचं बोट थांबलं. नऊ वर्षं जुनी वस्तू मोडीत का काढली नाही, असं त्यांनी कोरड्या आवाजात विचारलं. बिऱ्हाडे म्हणाले की कधीतरी लागेल असं वाटलं. साहेबांनी पान मिटलं. नियम न पाळणारं कार्यालय चालू ठेवण्यात अर्थ नाही, महिनाअखेर बंद, हुकूम उद्या निघेल. एवढं बोलून ते लवाजम्यासह बाहेर पडले.

पंखा वीज गेल्यामुळे थांबला. रबर रडवेला होऊन पेन्सिली गोळा करू लागला. मावशी चहा टाकायला उठल्या.

"कुणी उठू नका," बिऱ्हाडे म्हणाले. "संगीत थांबलंय. आपापल्या जागी बसा." त्यांना स्वतःलाच आपल्या बोलण्याचा भरवसा नव्हता. पण बायकोचं ते शांत वाक्य आठवलं की पाय खुर्चीतून उठतच नव्हते.

दहा मिनिटांनी दार उघडलं. मोठे साहेब एकटेच होते. फाइल नव्हती, टाय सैल होता, आणि उंचीही मघापेक्षा कमी वाटत होती. ते प्रभारींच्या टेबलाकडे आले नाहीत. बाहेरच्या बाजूने फिरून खिडकीवर गेले, प्रवाशांच्या खिडकीवर, आणि वाकून म्हणाले की एक वस्तू हरवली आहे.

पैलवानाने बाही सावरली. बिऱ्हाडेंनी त्याला डोळ्यांनी दाबलं आणि अर्ज पुढे सरकवला. वस्तू दाखवण्याआधी तीन खुणा सांगाव्या लागतात, हा इथला नियम. तो कुणालाही चुकत नाही.

"वरची कवळी," साहेब हळू आवाजात म्हणाले. "समोरच्या दाताचा एक टवका उडालाय. आतल्या बाजूला लाल नखरंगाचा ठिपका आहे, माझ्या आईने लावलेला, हॉस्पिटलात अदलाबदल होऊ नये म्हणून. तिसरी खूण..." ते अडले.

चौघे निश्चल बसले. पाळी साहेबांची होती.

मग साहेबांनी सगळंच सांगितलं. कवळी आतच राहिल्याचं बसमधून उतरल्यावर आईच्या लक्षात आलं, बस समोरच उभी होती. मी एवढा मोठा अधिकारी, तुझ्या दातांसाठी बस थांबवू का, असं ते म्हणाले होते. त्यानंतर आईने नवी कवळी करून घेतली नाही. नऊ वर्षं ती मऊ भात कालवून खाते, शेजाऱ्यांशी बोलते, पण मुलासमोर तोंड उघडत नाही. इथे येऊन विचारायची लाज वाटली. आणि वर्ष उलटल्यावर वस्तू मोडीत निघाली असणार याची त्यांना खात्रीच होती, नियम त्यांचाच होता.

"तिसरी खूण पुरे," बिऱ्हाडे म्हणाले. मावशींनी डबा आणला. साहेबांनी झाकण उघडलं, ठिपका बघितला, अर्जावर नेहमीपेक्षा लहान सही केली आणि डबा छातीशी धरून गेले. कार्यालयाबद्दल ते चकार शब्द बोलले नाहीत.

शुक्रवारी हुकूम आला नाही. सोमवारी आला. कार्यालय बंद करण्याचा प्रस्ताव रद्द, प्रभारींची बदली नाही, आणि मोडीत काढण्याची मुदत एका वर्षाऐवजी दहा वर्षं. हुकूम आणणारा शिपाई सांगत होता की साहेबांच्या मातोश्री शुक्रवार सकाळपासून बोलताहेत, नऊ वर्षांचं सगळं एकदम, आणि साहेब तीन दिवस समोर बसून ऐकताहेत.

बिऱ्हाडे संध्याकाळी घरी आले. बायको कपड्यांच्या घड्या करत होती. त्यांनी हुकूम वाचून दाखवला. ती बरं म्हणाली आणि घड्या करत राहिली.

"बरी आहेस ना?"

"हो."

बिऱ्हाडे निघाले होते, ते दारात थांबले. सात महिने त्यांनी आगारातल्या झाडूवाल्यापासून प्रमुखापर्यंत प्रत्येकाला दोनदा विचारलं होतं. घरात कधीच दुसऱ्यांदा नाही. ते परत वळले आणि त्याच सुरात पुन्हा म्हणाले, "बरी आहेस ना?"

तिच्या हातातला टॉवेल तसाच राहिला. "पलंगाखाली बघा," ती म्हणाली.

पलंगाखाली तीन खोकी होती, भरलेली, सुतळीने बांधलेली. भिंतीवरचं घड्याळ, हिवाळ्याचे कपडे, मुलीची जुनी पुस्तकं. डबा न संपल्याच्या दिवसापासून ती रोज थोडं थोडं भरत होती.

"तुम्ही एकटे कसे राहिला असता?" ती म्हणाली. "मी नुसतं म्हटलं होतं हो."

बिऱ्हाडे जमिनीवर बसले आणि पहिल्या खोक्याची गाठ नखाने सोडवू लागले. गाठ घट्ट होती. बायकोने शिवणाच्या डब्यातली कात्री आणून त्यांच्यापुढे ठेवली.

"कापा," ती म्हणाली.