खोडील म्हैस आणि मिलिअँपिअर

घाटनांदूरच्या बंकटची शेवंता दिवसभर अगदी देवमाणसासारखी वागायची. पाठीवर कावळा बसला तरी शेपूट हलवायच्या आधी विचार करायची. पण धारेची वेळ झाली, बंकटची बायको सारजाबाई बादली घेऊन खाली बसली, की तिच्या अंगात कोण शिरायचं कोणास ठाऊक. साखळी ओढायची, लाथ झाडायची, आणि पान्हा असा चोरायची की अर्धी बादली भरली तरी सारजाबाईला सण वाटायचा.

"नवा गोठा बांधल्यापासून हे लागलंय," सारजाबाई म्हणायची.

"गोठा काय चावतोय का तिला?" बंकट वैतागायचा. "फरशी हाय, पत्रे हायत, कडबा कापायला कुट्टी मशीन हाय. आपल्या घरात न्हाई एवढी सोय म्हशीला केली. लाडानं खोडील झाली ती."

उपाय काय कमी झाले? नजर काढली. नारायणगडावरून अंगारा आणून कपाळाला लावला. गोठ्याची दिशा चुकली म्हणून कुणीतरी सांगितलं, तर बंकटनं गोठा तसाच ठेवून म्हैस उलटी बांधली. आता लाथा दुसऱ्या बाजूनं बसू लागल्या. त्यात सारजाबाईच्याच हाताला मुंग्या यायला लागल्या, त्याही नेमक्या धार काढताना. डॉक्टरनं व्हिटॅमिन कमी आहे म्हणून इंजेक्शनं चालू केली. एका घरात बाईला सुई आणि म्हशीला अंगारा. गुण दोघींनाही येईना.

शेवटी बंकटनं जाहीर केलं, "आश्रुबा तात्याला निरोप धाडलाय. उद्या येतो, म्हैस घेऊन जातो."

आश्रुबा म्हणजे जनावरांचा जुना व्यापारी. शेवंता एवढीशी वगार होती तेव्हापासून सारजाबाईनं तिला हातानं पेंड चारलेली.

"म्हशीच्या आधी मला इका," ती म्हणाली.

"तुला कोण घेतंय," बंकट म्हणाला आणि बाहेर जाऊन बसला.

त्याच दिवशी त्यांची पोरगी धनश्री बीडहून सुट्टीला आली. ती तिथं क्लास लावून डॉक्टरकीच्या परीक्षेची तयारी करत होती. आल्या आल्या पाणी प्यायचं सोडून ती गोठ्यातल्या बोर्डाकडं बघत उभी राहिली.

"अप्पा, हे ट्रिपचं स्विच बाजूला कावून काढलं?"

"सारखं पडायचं ते. कुट्टी चालू केली की खटकन लाईट बंद. तुझ्या मामानं डायरेक्ट करून दिलं."

मामा म्हणजे अंगद, सारजाबाईचा भाऊ. मांडवाची लायटिंग करता करता तो वायरमन झाला होता. त्याच्याकडं विजेच्या सगळ्या आजारांवर एकच औषध होतं, डायरेक्ट करणे.

"पडतंय म्हंजे कुठंतरी करंट गळतोय," धनश्री म्हणाली. "हे बघा, काय लिहिलंय? तीस मिलिअँपिअर."

"मंग?"

"एका अँपिअरचे हजार भाग केले, त्यातला एक भाग म्हंजे मिलिअँपिअर."

"हजार भाग?" बंकट हसला. "मंग राह्यलं काय त्यात?"

"एक मिलिअँपिअर गेला तर अंगाला मुंग्या येतेत. दहा-पंधरा गेला तर हात आवळतो, धरलेलं सोडता येत न्हाई. तीसच्या पुढं माणसाच्या जिवाला धोका. म्हणून तेवढा गळाला की हे स्विच पडतं. ते काम करत होतं, अप्पा."

"तीस मिली तर तुला मी खोकल्याचं औषध पाजलंय. काय झालं न्हाई तुला."

"ते मिलिलिटर हाय."

"मिली ते मिली. आन म्हशीकडं बघ जरा. एवढं धूड. हजाराव्या भागानं तिला काय व्हतंय?"

"आमच्या क्लासला ह्याच्यावर एक मार्काचा प्रश्न येतो."

"मंग एक मार्क घे आन चहा पी."

तेवढ्यात अंगद आलाच. पायात जाड तळव्याचे बूट, कानाला टेस्टर खोचलेला. भाचीनं शंका काढली हे ऐकून त्याला लई लागलं.

"करंट असता तर मला कळला नसता का, पोरी? आं? एवढे मांडव केले."

"मामा, अर्थिंग कुठं दिलंय?"

अंगदचा चेहरा खुलला. हे त्याचं खास काम होतं. "अर्थिंगला लोक खड्डा खांदतेत, कोळसा टाकतेत, मीठ टाकतेत. एवढा उद्योग सांगितलाय कुणी? आयता लोखंडी खुंटा जमिनीत ठोकलेला. दिली वायर बांधून."

सगळ्यांनी खुंट्याकडं बघितलं. त्याला हिरवी वायर गुंडाळलेली, आणि त्यालाच शेवंताची लोखंडी साखळी.

"म्हंजे मशीनचा गळलेला करंट खुंट्यात," धनश्री हळूहळू म्हणाली, "खुंट्यातून साखळीत, आन साखळीतून..."

"कुठं न्हाई जात. जमिनीत जातो," अंगद म्हणाला. "दाजी, मशीन चालू करा."

कुट्टी घरघरायला लागली. अंगदनं साखळी दोन्ही हातांनी धरली आणि फोटोला उभं राहावं तसा उभा राहिला. "बघ. कुठंय तुझा मिली?"

मग बंकटनं धरली. त्याच्या पायात टायरची चप्पल. "काय न्हाई. उलट गार लागतंय." त्यानं शेजारच्या बबनरावालाही बोलावून धरायला लावली. बबनराव गमबूट घालून आला होता. त्यानंही मान हलवली. अशी तीन माणसांची साक्ष झाली. शेवंता मात्र ओल्या फरशीवर एकदा हा पाय उचलत होती, एकदा तो.

"तिच्या पायात काय हाय?" धनश्रीनं विचारलं.

तिघांनी खाली बघितलं.

"खूर हायत की," अंगद म्हणाला. "चांगले जाड हायत."

"मंग तुमी एकदा बूट काढून धरा."

"कावून? मी काय म्हैस हाय?"

धनश्रीला स्वतः चप्पल काढून दाखवता आलं असतं. पण किती मिलिअँपिअरला काय होतं हे ज्याला पाठ असतं तो चप्पल काढत नाही. सारजाबाई स्वतःच्या बोटांकडं बघत राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी आश्रुबा आला. सौद्याला साक्षीदार म्हणून बबनराव आणि अंगदही गोठ्यात हजर होते. पाहुणा येणार म्हणून बंकटनं फरशी पाण्यानं धुऊन चकाचक करून ठेवली होती. आश्रुबा जुन्या चालीचा माणूस. गोठ्यात लक्ष्मी असते म्हणून त्यानं दारातच चपला काढल्या, उंबऱ्याला हात लावून कपाळाला लावला आणि अनवाणी आत आला. चांगले दोन-चार पेले पाणी साचलेल्या जागेवर जाऊन उभा राहिला.

"वहिनी, जरा धार काढा. बघू द्या."

सारजाबाई नाइलाजानं खाली बसली. आश्रुबानं डाव्या हातानं साखळी धरली. "जनावराचा स्वभाव साखळीतून कळतो, बंकट." उजवा हात त्यानं पुढं केला. बंकटनं आपला हात दिला आणि दोघांच्या हातांवर टॉवेल टाकला.

जनावराचा भाव तोंडानं बोलायचा नसतो. टॉवेलाखाली बोटं धरून सांगायचा. बोटं किती धरली, त्यावरून आकडा. आणि सौदा ठरेपर्यंत कुणीही एक शब्द बोलायचा नाही, हा नियम. त्यामुळं सगळे गप होते.

आश्रुबानं आधी दोन बोटं धरली. बंकटनं नाराजीनं हात हलवला. आश्रुबा विचारात पडला.

धारेच्या वेळी वैरण टाकायची ही रोजची रीत, म्हणून अंगदनं कुट्टी चालू केली.

आश्रुबानं बंकटची पाचही बोटं करकचून आवळली.

बंकटला आतून गुदगुल्या झाल्या, पण त्यानं चेहरा मुद्दाम पाडला. गिऱ्हाईक एकदम पाचावर आलं म्हंजे अजून वर जाईल. त्यानं हलकेच नकाराचा झटका दिला. उत्तर म्हणून आश्रुबानं पुन्हा पाचही आवळली, आणि या वेळी नुसती आवळली नाहीत तर थरथरवली. असा जिद्दीचा व्यापारी बंकटनं जन्मात बघितला नव्हता. त्यानं तिसऱ्यांदा नकार दिला. आश्रुबाची पकड सुटेचना. त्याचं तोंड उघडं होतं, मिशी ताठ झाली होती, पण नियमानं कुणी बोलत नव्हतं.

इकडं शेवंतानं बादली उडवली. सारजाबाईनं वैतागून वर बघितलं, आणि तिला आश्रुबाचा चेहरा दिसला. हाच चेहरा ती रोज दोन वेळा बघत होती.

"आवं, तात्याचं तोंड शेवंतासारखं झालंय," ती म्हणाली. "मशीन बंद कर, धने."

धनश्रीनं बटण दाबायच्या भानगडीत न पडता मेन स्विचच खाली ओढला. आश्रुबाची बोटं सुटली आणि तो दोन पावलं मागं जाऊन शेणात बसला.

"करंट," तो म्हणाला.

"ठरलं," बंकट म्हणाला. "पाच बोटं, तीनदा. बबनराव साक्षीला हायत."

"अरे, करंट बसला मला, बे."

"टॉवेलातला शब्द फिरत न्हाई, तात्या. तुमीच सांगता सगळ्यांला."

"करंट नसंलच," अंगद म्हणाला. "काल तिघांनी धरलंय."

सारजाबाई उठली. "आंगद, बूट काढ."

"अक्का, कशाला उगं..."

"काढ म्हणते ना."

अंगदनं बूट काढले. मोजेही काढायला लावले. धनश्रीनं मेन चालू करून एका क्षणापुरतीच कुट्टी लावली. अंगदनं एकच बोट साखळीला लावलं, आणि शेवंताची लाथ त्यानं हुबेहूब मारून दाखवली. बूट उचलून तो गोठ्याबाहेर गेला आणि तिथूनच म्हणाला की खुंटा हलक्या दर्जाचा आहे.

आता आधी मेन बंद केला, मग खुंट्याची वायर सोडली. सारजाबाई परत बसली, तिनं कासेला हात लावला. शेवंता उभी राहिली, अगदी देवमाणसासारखी, आणि बादलीत धार अशी वाजायला लागली की बंकट उठून जवळ आला. बादली भरत आली तरी थांबेना.

आश्रुबाही शेणातून उठून जवळ आला. त्यानं बादली बघितली, म्हैस बघितली, आणि धोतर झटकत म्हणाला, "बरं बंकट. तुझंच खरं. पाच बोटं ठरलं. म्हैस सोड."

बंकटचा चेहरा उतरला. "आं? पण तात्या, तुमाला तर करंट बसलता."

"टॉवेलातला शब्द फिरत न्हाई. बबनराव साक्षीला हायत."

बबनरावानं इमानदारीत मान हलवली. बंकट बायकोकडं बघायला लागला. सकाळपर्यंत खोडील असलेली म्हैस दुपारच्या आत गावातली सगळ्यात गुणी म्हैस झाली होती, आणि ती त्यानं स्वतःच्या तोंडानं विकली होती. तेही भांडून.

सारजाबाई धार काढता काढताच म्हणाली, "धने, माणसाला करंट बसला की बोटं आपोआप आवळतेत, असंच ना?"

"हो. स्नायू आवळतेत. माणूस सोडाया गेला तरी सुटत न्हाईत."

"म्हंजे बोटं तात्यांनी आवळली न्हाईत."

"न्हाई. करंटनं आवळली."

"बरं," सारजाबाई म्हणाली. "मंग सौदा तुमच्याशी झाला न्हाई, तात्या. मिलिअँपिअरशी झाला. त्याला म्हणावं ये, आन साखळी धरून म्हैस घेऊन जा. वायर परत बांधू का?"

आश्रुबानं साखळीकडं बघितलं, मग आपल्या अनवाणी पायांकडं.

"दोन बोटं तर मीच धरली होती," तो म्हणाला.

"त्याला ह्यांनी नाही म्हणलं. सगळ्यांनी बघितलं."

"टॉवेल होता. कुणी बघितलं?"

"बबनराव साक्षीला हायत," बंकट घाईघाईनं म्हणाला.

बबनरावानं पुन्हा मान हलवली. आश्रुबा दारात जाऊन चपला घालायला लागला, एकेक पाय नीट तपासून. सारजाबाईनं बादली धनश्रीच्या हातात दिली, कोपऱ्यातली कुदळ उचलली आणि बंकटपुढं धरली.

"अर्थिंगचा खड्डा," ती म्हणाली. "गोठ्यापासून लांब. खोल जाऊ द्या. आन मीठ मी देते."