माफीचं वाक्य

ध्वनिमुद्रक होरिगुची चौथ्यांदा कमरेत वाकून "तसदीबद्दल क्षमा, परत एकदा घेऊया" म्हणाले, तेव्हा हेडफोन त्यांच्या डोक्यात हाणावासा वाटला मला.

नागोयातला बिनखिडक्यांचा स्टुडिओ. पडद्यावर माझी मित्सुए आत्या, चोवीस वर्षांची. सिनेमा पन्नास वर्षांपूर्वीचा, तसला. बाबा त्याचं नावसुद्धा काढत नाहीत. त्यात आत्या विधवा आहे. एक रात्र सुताराबरोबर काढते आणि सकाळी नवऱ्याच्या फोटोपुढे हात जोडून म्हणते, "मला माफ करा." शेवटच्या रिळाचा आवाज सडलाय. महोत्सवात दाखवायचं तर ते वाक्य पुन्हा भरायला हवं.

आणि आत्या, आता चौऱ्याहत्तरची, माइकसमोर ढिम्म.

"बोल ना गं! तीन तर शब्द आहेत."

"निघत नाहीयेत तोंडातून."

"तेव्हा कसे निघाले?"

"तेव्हा कंपनीचे चार जण काचेमागे उभे होते. बाईला मजा आली ना, मग तिनं माफी मागितलीच पाहिजे म्हणे. सुतार मात्र शीळ घालत घरी जातो."

तेवढ्यात बाबांचा फोन. मी स्पीकरवर टाकला.

"झालं का? महोत्सवाला त्या वाक्यासाठीच येतोय मी. तिच्या सिनेमापायी शाळेत पोरं मला काय काय म्हणायची! एकदा तरी माफी मागू दे तिला."

आत्याचा चेहरा पडला. आजवर बाबा तिच्या एकाही कार्यक्रमाला आले नव्हते.

होरिगुचींनी परत चित्र लावलं. आता मात्र मला दिसलं.

"अहो, थांबा! 'माफ करा' संपलं तरी हिचं तोंड हलतंय!"

"त्या काळी ओठ आवाजाशी तेवढे जुळायचे नाहीत," होरिगुची म्हणाले.

आत्या खुदकन हसली. "कॅमेऱ्यात आवाज जायचाच नाही गं. दिग्दर्शक म्हणाला, काहीही बोल, नंतर भरू. मी बोलले."

"काय बोललीस?"

चित्र पुन्हा सुरू झालं. आत्या माइककडे वाकली. "अहो, काल किती दिवसांनी गाढ झोप लागली मला."

ओठ न् ओठ जुळला.

"पण मूळ सिनेमात..." होरिगुची चाचरले.

"मूळ तोंड हेच आहे! इतकी वर्षं बघताय, दिसलं नाही तुम्हाला?"

"ताई," फोनमधून बाबा म्हणाले, "हेच ठेवणार असशील तर मी येत नाही."

आत्यानं फोन जवळ ओढला.

"नको येऊस, रिंतारो. रविवारी जेवायला मात्र ये."

फोन कट झाला. आत्यानं नाक पुसलं.

"होरिगुचीसाहेब, मघाशी झोपेच्या वाक्यात माझा आवाज थरथरला. तेच परत घ्या."