‘उरातलं ऊन’मधली ती ओळ

मित्रांनो, तुमच्यापैकी पुष्कळांनी मला कधी हातात धरलंही नसेल. मी एक जुनी कॅसेट आहे. ‘उरातलं ऊन’ हे माझं नाव. पोटात आठ गाणी घेऊन मी तीस वर्षांपूर्वी नागपुरात जन्मले. आज नागपूरला लागून असलेल्या वाडी गावातल्या एका भाड्याच्या खोलीत, यमुताईंच्या घरी, मी सुखात आहे.

माझ्या गायिका कौसल्याबाई. त्या दवाखान्यात आयाचं काम करायच्या आणि विहारात, जयंतीच्या मंडपात गायच्या. गिटार वाजवणाऱ्या प्रेमानंदांनी त्यांना पहिल्यांदा ऐकलं आणि ते जागचे हललेच नाहीत. त्यांच्याकडे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय गायकांच्या रेकॉर्डी होत्या. त्या गाण्यांना ‘सोल’ म्हणतात, सोल म्हणजे आत्मा, आणि तुमचंही गाणं त्याच जातकुळीचं आहे, असं त्यांनी कौसल्याबाईंना समजावलं. त्यावर कौसल्याबाई शांतपणे म्हणाल्या, “आपल्या धम्मात आत्मा मानत नाहीत, भाऊ. मी मनानं गाते. तेच लिव्हा.” म्हणून माझ्या वेष्टनावर ‘मनाची गाणी’ असं छापलं गेलं.

नागपूरच्या सदर भागातल्या एका छोट्या स्टुडिओत दोन दिवसांत माझं ध्वनिमुद्रण झालं. पंख्याचा आवाज येतो म्हणून पंखा बंद होता. सगळे घामानं भिजले होते. कौसल्याबाईंच्या मागे कोरसमध्ये त्यांची लहानपणची मैत्रीण यमू उभी होती. दोघी एकाच गल्लीत वाढलेल्या, एकाच नळावर पाणी भरताना गाणं शिकलेल्या. त्यामुळे त्यांचे आवाजही बहिणींसारखे.

दुसऱ्या दिवशी शेवटचं गाणं आलं. त्यातली सगळ्यांत उंच ओळ होती, ‘अंधारा, सरक जरा, मले दार दिसू दे.’ तिथेच कौसल्याबाईंचा गळा बसला. गरम पाणी झालं, खडीसाखर झाली, आवाज काही वर चढेना. तिसऱ्या दिवसासाठी स्टुडिओ मिळणार नव्हता. तेव्हा प्रेमानंदांनी यमूकडे पाहिलं. यमू पुढे आली, डोळे मिटले आणि ती एक ओळ गायली. एकदाच. काचेपलीकडचा माणूस यंत्र बंद करायचंच विसरला.

मग मी बाजारात आले. काय सांगू तुम्हाला! इतवारी बाजारातल्या ठोक दुकानातल्या माझ्या पेट्या महिनाभरात संपल्या. ऑटोंत मी, चहाच्या टपऱ्यांवर मी, दीक्षाभूमीवरच्या स्टॉलवर मी. माझ्या हजारो बहिणी पार अमरावती-चंद्रपूरपर्यंत गेल्या. आणि लोक सगळ्यांत जास्त मागे फिरवून ऐकत ती तीच ओळ. वेष्टनावर मात्र एकच नाव होतं, कौसल्याबाईंचं. कार्यक्रमात त्या ओळीला टाळ्या पडायच्या आणि कौसल्याबाई हात जोडायच्या. त्यांच्या नजरेत तेव्हा काय असायचं, ते पहिल्या रांगेत बसलेल्या यमूलाच दिसायचं. पुढे पुढे यमूनं त्या रांगेत बसणं सोडलं.

मी प्रेमानंदांनी यमूला दिलेली पहिली प्रत. तिनं मला फार जपलं. स्वयंपाक करताना ती मला लावायची, आणि ती ओळ आली की हातातलं काम थांबवायची. पुढे टेपरेकॉर्डर बिघडला. कौसल्याबाई लांब बेसा भागात राहायला गेल्या, यमूची यमुताई झाली, आणि मी बटणांच्या स्टीलच्या डब्यात पडून राहिले. फितीवर पांढरी बुरशी धरली. मला वाटलं, संपलं आपलं आयुष्य.

गेल्या उन्हाळ्यात यमुताईंच्या नातीला, रोशनीला, मी सापडले. तिनं मला इतवारीत वामनरावांकडे नेलं. ते अजून जुनी यंत्रं दुरुस्त करतात. त्यांनी बुरशी पुसली आणि माझी फीत नव्या कवचात बसवली. एक जुना टेपरेकॉर्डरही त्यांनी रोशनीला वापरायला दिला. घरी तिनं मला शेवटपर्यंत ऐकलं आणि ती आजीकडे बघतच राहिली. “आजी, हा आवाज तं तुहा आहे.”

यमुताईंनी नाही म्हटलं नाही. रोशनी ही गोष्ट सगळ्या जगाला मोबाइलवरून कळवायला निघाली, तेव्हा मात्र त्यांनी तिचा हात धरला. कौसल्याला हे ठाऊक आहे, सांगायचं तर तिनं सांगावं, असं त्यांनी बजावलं.

तिकडे मला बाजारात आणणाऱ्या कॅसेट कंपनीला ‘उरातलं ऊन’ मोबाइलवर ऐकता येईल असं पुन्हा काढायचं होतं. पण त्यांच्याकडची मूळ फीत खराब झाली होती. चांगली प्रत शोधत कौसल्याबाई वामनरावांकडे पोचल्या आणि मी कुणाकडे आहे ते कळताच तिथून थेट वाडीला आल्या. किती वर्षांनी! पायऱ्या चढून त्यांना धाप लागली होती. यमुताईंनी पाणी दिलं, तब्येत विचारली आणि मला त्यांच्या हातावर ठेवलं.

कौसल्याबाई दारापर्यंत गेल्या. मग परत आल्या आणि चटईवर बसल्या.

“यमू, त्या दिवशी गळा बसला हे कंपनीवाल्याले सांगायची मले भीती वाटली. मंग गाणं एवढं चाललं, का सांगायची हिंमतच नाही झाली. तुही ओळ मी तीस वर्षं माही म्हणून मिरवली.”

यमुताई त्यांच्याशेजारी चटईवर बसल्या. मग म्हणाल्या, “तू नेलं म्हणून तं मी त्या स्टुडिओत गेली वं. माहा आवाज घराघरात गेला, मी तो चुलीपाशी बसून ऐकला. हे सुख मले तुह्यामुळंच भेटलं.” मग त्यांनी कौसल्याबाईंकडे पाहिलं. “पण नाव देशील, तं बरं वाटन.”

कौसल्याबाई रडल्या. रोशनीनं चहा ठेवला.

मित्रांनो, मी कुणाबद्दल तक्रार करायला बोलत नाही. जिनं मला गाऊन मोठं केलं तिची मी ऋणी आहे, आणि जिनं मला डब्यात का होईना पण सांभाळलं तिचीही. एवढंच मागणं आहे. घरातल्या जुन्या कॅसेटी उन्हात, ओलीत टाकू नका, एखादा आवाज दुसरीकडे कुठेच उरलेला नसतो. आणि गाणं आवडलं, तर मागे कोण कोण गायलं, कुणी वाजवलं, ती बारीक अक्षरं वाचायचा कंटाळा करू नका. तिथे नाव नसेल, तर विचारा.

चहा घेताना ठरलं, की कंपनीचं काम झालं की मी इथेच परत यायचं. मग कौसल्याबाईंनी पर्समधून कंपनीला द्यायचा नावांचा कागद काढला आणि यमुताईंचं नाव कसं लिहायचं ते विचारलं. यमुताई गोंधळल्या. आजवर त्या कुणाची बायको, कुणाची आई, कुणाची आजी म्हणूनच कागदावर आल्या होत्या. त्यांनी बराच विचार केला.

“यमुना लिव्ह,” त्या म्हणाल्या. “नुसतं यमुना. आणि पुढं लिव्ह, गायिका.”