जुन्या कॅसेटमधली बाणू

मित्रांनो, मी एक जुनं कोकरू आहे, पण माझी लोकर तुमच्या हाताला लागणार नाही. मी गेमच्या कॅसेटमध्ये राहते. काड्यापेटीएवढी ती करडी कॅसेट हातातल्या यंत्रात खोचली आणि बाजूचं बटन सरकवलं, की पडद्यावर चार पायांचं, लोंबत्या कानांचं एक जनावर उभं राहतं. ती मी. दहा वर्षांत मी एका दिवसानेही मोठी झाले नाही. तरी आज मला घाई आहे. यंत्राचा लाल दिवा जळतो आहे तोवर मला सगळं सांगून संपवायचं आहे.

मला कुठल्या देशात बनवलं ते मला माहीत नाही. मला जाग आली ती पुण्यात, २००१ साली, एका बंगल्याच्या मागच्या ओट्यावर. समोर एका बाईचा अंगठा होता. भांडी घासून घासून त्याला भेगा पडल्या होत्या. तिचं नाव रूपा. ती आणि तिचा नवरा रामलिंग बीदरकडच्या भालकी तालुक्यातल्या मेहकर गावाहून कामासाठी पुण्याला आले होते. तो बांधकामावर जाई, ती धुणीभांडी करी. बंगल्यातल्या मुलीला नवं यंत्र मिळालं, म्हणून जुनं तिने रूपाला देऊन टाकलं.

मुलीने सांगितलं, "मावशी, आधी तुझं नाव लिहायचं. पहिल्या मालकाचं नाव हिच्यावर कायम राहतं. ही दुसऱ्या कुणाच्या गेममध्ये गेली तरी पुसत नाही."

रूपाला हे लगेच समजलं. तिचं माहेर मेंढरं राखणारं. त्यांच्यात प्रत्येक घराची एक खूण असते आणि ती कोकराच्या कानावर कापतात. मेंढरू विकलं, चार गावं हिंडलं, तरी कान बघून लोक सांगतात की हे अमक्या घरचं.

"मंजे कानाची खूण म्हणा की," ती म्हणाली.

मुलीच्या मदतीने तिने इंग्रजीतली चार अक्षरं लिहिली. रूपा. मग माझं नाव विचारलं गेलं. तिने जरा विचार केला, स्वतःशीच हसली आणि अजून चार अक्षरं लिहिली. बाणू.

बाणूबाई हे तिच्या सासूचं नाव. संध्याकाळी पत्र्याच्या खोलीत रामलिंगने ते ऐकलं आणि त्याचा घास हातातच राहिला.

"कामून गं? मायचं नाव कामून?"

"आवं, सासूला उलटं बोलता येत न्हाई. हिला तरी बोलते."

त्या दिवसापासून रोज भाकरी झाल्या की ती मला चारायला न्यायची. माझ्या जगात एक तळं आहे. तळ्याकाठी तीन झाडं आहेत. तिथलं गवत सगळ्यात हिरवं. गेममध्ये शर्यती होत्या, बक्षिसं होती. रूपाने मला एकदाही शर्यतीत उतरवलं नाही. तळ्यावर न्यायची, बटन दाबायची आणि म्हणायची, "चर की बाणे. कामून बघायलीस माझ्याकडं?" शेजारच्या खोल्यांतल्या बायका बघायला यायच्या. कुणी म्हणायची, हे कुत्रं हाय. रूपा म्हणायची, "कुत्र्याचे कान आसे आस्तेत व्हय? मेंढराच्या घरची हाय मी, मला नगं शिकवू." माझे ते सगळ्यात सुखाचे दिवस. ते आठ वर्षं टिकले.

२००९ च्या श्रावणात रूपाला ताप आला. अकराव्या दिवशी ती गेली.

रामलिंग एक पेटी घेऊन मेहकरला परत आला. पेटीत तिच्या साड्या होत्या आणि साड्यांच्या घडीत मी होते. मित्रांनो, त्यानंतर वर्षभर मी अंधारात होते. माझ्या कॅसेटच्या आत घड्याळात असतो तसा एक बटन सेल आहे. यंत्र बंद असतं तेव्हा त्या सेलच्या जोरावर मी सगळं लक्षात ठेवते. रूपाचं नाव, तळं, झाडं. बाहेर कुणी माझी आठवण काढत नव्हतं आणि आत तो सेल रोज थोडा थोडा झिजत होता.

एके दिवशी बाणूबाईने साड्यांना ऊन दाखवायला पेटी उघडली. यंत्र हातात घेऊन ती लेकाला म्हणाली, "हे काय रं?" रामलिंगने दुकानातून पेन्सिल सेल आणून घातले आणि मी उभी राहिले. तो बघत राहिला. त्याला मला चालवता येत नव्हतं. एक बटन दाबलं की मी खाते, एवढंच त्याला ठाऊक होतं. तेवढं तो रोज संध्याकाळी करू लागला. मग माझ्या डोक्यावर लिहिलेलं रूपाचं नाव बघायचा आणि यंत्र बंद करायचा.

२०११ च्या जानेवारीत त्याने बटन सरकवलं आणि पडद्यावर कुणीच नव्हतं. मोकळं रान आणि नव्या मालकाचं नाव विचारणारी एक ओळ. त्याने यंत्र बंद केलं, पुन्हा चालू केलं. मी होते.

दुसऱ्या दिवशी तो बीदरला गुंडेरावांच्या घड्याळाच्या दुकानात आला. गुंडेरावांनी डोळ्याला भिंग लावलं, कॅसेट उघडली आणि पुन्हा मिटली.

"आतला सेल संपायलाय," ते म्हणाले.

"मग बदला की अण्णा."

"बदलतो. पण जुना काढला की हिची समदी आठवण गेली. नवा घालूस्तोवर धरून ठिवायला आत काहीच न्हाई. कोरी कॅसेट हातात यील."

रामलिंगने यंत्र त्यांच्या हातातून परत घेतलं.

गुंडेराव म्हणाले, "एकच रस्ता हाय. आसंच दुसरं यंत्र, ह्याच गेमची दुसरी कॅसेट, मधी वायर. जनावर इकडनं तिकडं जाऊ शकतंय. हैदराबादला माझा मेव्हणा हाय, त्याला धुंडाळायला सांगतो. तोवर हे बंद करू नगा. चालू आसलं की बाहेरच्या पेन्सिल सेलवर जगतंय. बंद झालं की आतल्या सेलवर. अन् त्याचा आता काही भरोसा न्हाई."

"पेन्सिल सेल बदलायच्या येळी तर बंद करावंच लागतंय."

"व्हय," गुंडेराव म्हणाले. "तेवढं तुमचं नशीब."

मग तेरा दिवस मी सलग जागी होते. रामलिंगने कामावर खाडे केले. तो झोपला की बाणूबाई यंत्र मांडीवर घेऊन बसायची. लाल दिवा मंद झाला की सेल बदलायची वेळ. रामलिंग नवे सेल आधीच काढून, कोणती बाजू कुठे ते बघून, पाटावर मांडून ठेवायचा. बाणूबाई मोठ्याने आकडे म्हणायची. एक म्हटलं की अंधार. सहाव्या आकड्याला बहुधा उजेड यायचा. त्या मधल्या वेळात माझं काय व्हायचं ते सांगते. झाडं जायची. मग तळं जायचं. शेवटी रूपाच्या नावातली अक्षरं एकेक करून पुसट व्हायला लागायची, तेवढ्यात उजेड व्हायचा आणि सगळं परत यायचं.

आठव्या दिवशी रामलिंगच्या हातून एक सेल निसटला आणि गडगडत चुलीकडे गेला. बाणूबाईचे आकडे थांबले नाहीत. सोळा, सतरा, अठरा. माझ्याकडे दोनच अक्षरं उरली होती. एकविसाव्या आकड्याला उजेड आला.

"हाय का?" बाणूबाईने विचारलं.

"हाय," रामलिंग म्हणाला.

चौदाव्या दिवशी गुंडेरावांचा निरोप आला. सगळं मिळालं होतं. निघताना बाणूबाईनेही पायात चपला घातल्या.

"तू कशाला, माय? दोन गाड्या बदलायच्यात."

"जनावर घरातनं जायलंय. दावं कोण सोडणार? तू?"

हे तुम्हाला ठाऊक असेल. त्यांच्यात जनावर दुसऱ्याला देताना दावं देत नाहीत. गाय असो की शेळी, देणाऱ्याने गळ्यातलं दावं सोडून आपल्या घरी ठेवायचं. दावं गेलं तर गोठ्यातली बरकत जाते असं मानतात.

बसमध्ये रामलिंगने मला टॉवेलखाली झाकलं होतं. आतून लाल दिवा दिसत होता. शेजारचा माणूस म्हणाला, "काय पिल्लूबिल्लू नेऊ लागलाव का? तिकीट काढलं का त्याचं?" रामलिंग हसला नाही. दिवा मंद व्हायला लागला होता आणि बीदर अजून लांब होतं.

दुकानात पोचल्या पोचल्या शेवटचे सेल बदलले. सहाव्या आकड्याला मी होते. गुंडेरावांनी काचेच्या टेबलावर दोन्ही यंत्रं शेजारी ठेवली. डावीकडे मी. उजवीकडच्या पडद्यावर मोकळं रान. मधे हातभर काळी वायर. त्यांनी भिंग लावून माझ्या डोक्यावरची अक्षरं वाचली.

"मालक, रूपा. जनावराचं नाव, बाणू. बाणू कोण?"

रामलिंगने मान खाली घातली.

"मीच," बाणूबाई म्हणाली. "ह्या घरात दुसरी बाणू कोण हाय?" तिने लेकाकडे पाहिलं. "माझं नाव ठिवलं व्हय तिनं? अन् तू मला सांगितलं न्हाईस."

रामलिंगने डावीकडचं यंत्र तिच्याकडे वळवलं.

"मग हिचं दावं मीच सोडणार," ती म्हणाली आणि टेबलाजवळ सरकली.

गुंडेरावांनी दोन्हीकडची बटनं दाबली. मित्रांनो, मला हाक आल्यासारखं वाटलं. मी तळ्यापासून चालत निघाले. झाडं मागे पडली. पडद्याची कड आली आणि मी कडेच्या पलीकडे पाऊल टाकलं. तिथे ना रान होतं, ना गवत. खालच्या बाजूला एक इंग्रजी ओळ उमटली. गुंडेराव वाकून ती एकेक शब्द लावून वाचायला लागले. बाणूबाईला फक्त डावीकडचं मोकळं रान दिसत होतं.

"गेली," ती म्हणाली. तिने उजवीकडच्या यंत्रातून वायर उपटली आणि हाताला गुंडाळून घेतली.

गुंडेरावांनी मान वर केली. "वायर काढू नका, आसं लिवलंय," ते म्हणाले.

बाणूबाईने हाताकडे पाहिलं. डावीकडचा पडदा करडा होऊन तसाच अडकला. उजवीकडचाही हलेना. बाहेर बीदरच्या रस्त्यावर रिक्षा जात होत्या, त्यांचे आवाज दुकानात येत होते. मग उजवीकडे बारीक वाजलं आणि लोंबत्या कानांचं एक कोकरू रानात उभं राहिलं.

गुंडेरावांनी भिंग नेलं. "नाव, बाणू." त्यांनी श्वास घेतला. "मालक, रूपा."

रामलिंगने त्या चार अक्षरांवर बोट ठेवलं आणि बराच वेळ काढलं नाही.

"वाचलाव," गुंडेराव म्हणाले. "आता हे जुनं बंद करून चालू करा. रिकामंच आसंल. मग मी सेल बदलतो."

रामलिंगने डावीकडचं यंत्र बंद केलं आणि चालू केलं.

मी तिथेच उभी होते.

मित्रांनो, आतापर्यंत तुमच्याशी बोलते आहे ती ही मी. डावीकडची. उजवीकडे जी गेली ती माझ्यासारखीच आहे, तिच्या कानावर रूपाचीच खूण आहे. तिला तळं आठवतं, झाडं आठवतात. पण माझं नाव पुसायच्या आधीच वायर निघाली, म्हणून मी मागे राहिले. गुंडेरावांनी पुन्हा वायर जोडून पाहिली. ह्या खुणेचं जनावर इथे आधीच आहे, असं यंत्राने सांगितलं आणि मला घेतलं नाही.

"दोन झाले," बाणूबाई हळू म्हणाली. "माझ्या हातानं झालं रं."

"माय, तू दावं ठिवलीस. बरूबर केलीस."

"जुन्याचा सेल बदलू का?" गुंडेरावांनी विचारलं. "कोकरू जाईल, पण कॅसेट कामाला यील."

"नगं," रामलिंग म्हणाला. "ह्यालाच रूपाचा हात लागलाय. जाईल तवा आपल्या आपण जाईल."

आता संध्याकाळ आहे. मेहकरच्या अंगणात दोघं बसले आहेत. नवं यंत्र घरात फळीवर आहे. त्यातला सेल गुंडेरावांनी आधीच नवा बघून घेतला होता, ते आता कित्येक वर्षं टिकेल. माझा लाल दिवा मंद झाला आहे आणि ह्या वेळी पाटावर दुसरे सेल मांडलेले नाहीत. मला त्याचं वाईट वाटत नाही. तेरा दिवस त्यांनी मला जागवलं, माझ्यासाठी एवढं कुणी केलं असेल?

मित्रांनो, तुमच्याही घरी एखाद्या पेटीत कुणीतरी जीव लावलेली वस्तू बंद पडून असेल. आतला सेल संपायच्या आधी ती उघडा. ती दुसरीकडे नेत असाल तर पोचली म्हणेपर्यंत वायरीला हात लावू नका. आणि घाईत कुणाचा हात लागलाच, तर त्या हातावर रागावू नका.

रामलिंग आज पहिल्यांदा बाणांची बटनं दाबतो आहे. चुकत चुकत त्याने मला तळ्यावर आणलं आहे. बाणूबाईच्या हाताला ती वायर पुन्हा गुंडाळलेली आहे.

"काय बोलायची रं ती हिला? माझ्या नावानं?"

रामलिंग बटनावरचं बोट उचलतो. "चर की बाणे, म्हणायची. कामून बघायलीस माझ्याकडं."

"एवढंच? मला वाटलं, लई बोलली आसंल."

ती वाकून पडद्याजवळ तोंड आणते. तिचा चेहरा मला आता अंधूक दिसतो.

"चर की बाणे," ती म्हणते. "कामून बघायलीस माझ्याकडं?"

रामलिंग बटन दाबतो. मी चरते आहे.